ओझोनचा करार यशस्वी झाला, मग हवामानाचा करार का अडखळतो?

प्रश्न फार मोलाचा आहे, कारण जागतिक धोरणाचा अभ्यास खऱ्या अर्थाने अशा तुलनेतूनच सुरू होतो.

ओझोनचा थर वाचवण्यासाठी झालेल्या १९८७ च्या मॉन्ट्रियल कराराने त्या थराला घातक अशा ज्या वायूंवर बंधने आणली, ते जुन्या फ्रिजच्या कॉम्प्रेसरमध्ये आणि फवाऱ्याच्या डब्यांत वापरले जात. त्यांचे उत्पादन मोजक्या रसायन कंपन्यांच्या हाती होते आणि पर्यायही दृष्टिपथात होते. शिवाय करारात सामील न होणाऱ्या देशांशी या वायूंचा व्यापार करण्यावर निर्बंध होते, त्यामुळे बाहेर राहणेच महाग पडू लागले. माझ्या मते मात्र निर्णायक ठरली ती १९९० ची लंडन बैठक. विकसनशील देशांना या बदलाचा जो खर्च येईल तो श्रीमंत देशांनी उचलावा, अशी ठाम भूमिका भारत आणि चीन यांनी घेतली, त्यातून बहुपक्षीय निधी उभा राहिला आणि १९९२ मध्ये भारत करारात आला.

हवामान तापवणारा कार्बन डायऑक्साइड मात्र कोळशाच्या वीजकेंद्रापासून शेतातल्या डिझेल पंपापर्यंत सगळीकडून निघतो. त्यात असे वायू कमी करण्यासाठी झालेल्या १९९७ च्या क्योटो हवामान करारात बाहेर राहणाऱ्याला व्यापारी फटका नव्हता. अमेरिकेने त्याला अंतिम मान्यता दिलीच नाही आणि कॅनडा पुढे बाहेर पडला.

दोन्ही करारांचे मूळ मसुदे शेजारी ठेवून अवश्य वाचा, विशेषतः मॉन्ट्रियल करारातील व्यापारविषयक चौथे कलम आणि विकसनशील देशांना दहा वर्षांची मुदत देणारे पाचवे कलम.