रात्री रंगवतो, सकाळी फाडतो

फोंड्याहून एका आईचं पत्र आहे. मुलगा बारावीत, कला महाविद्यालयात जायचं ठरवून बसलाय. पहाटे ३ पर्यंत एकाच चित्रामागे असतो, ताट झाकलेलं तसंच राहतं, आणि सकाळी चित्र बघून कॅनव्हास फाडतो. रंग कपाटात कुलूपबंद करू का, असं त्या विचारतात.

नमस्कार. कुलूप लावू नका. झोप त्यानं येणार नाही, तो लपूनछपून काढेल एवढंच.

तो सकाळीच का फाडतो, ते आधी बघा. खोलीत पिवळा बल्ब असेल तर त्या उजेडात निळा मळकट दिसतो, पिवळा फिका. म्हणून हात दोन्ही वाढवत जातो. खिडकीचा उजेड पडला की तेच चित्र भडक वाटतं, आणि रात्रभर न झोपलेल्या पोराला ते सहन होत नाही. रंग दिवसा मिसळायचे. रात्री फक्त पेन्सिल, कोळसा, तेही ११ पर्यंतच. पसंत न पडलेलं चित्र २ आठवडे भिंतीकडे तोंड करून ठेवायचं, फाडायचं की नाही ते मग ठरवायचं.

पावसात खिडक्या बंद ठेवून टर्पेंटाइन वापरत असेल, तर डोकेदुखी आणि मळमळ त्यानंही होते, मग जेवण जाणार कसं? खिडकी उघडी हवी. जवसाच्या तेलाची फडकी बोळा करून टाकू नका, ती आपोआप पेट घेतात. झाकणाच्या डब्यात पाण्यात बुडवून ठेवा.

आल्तिनोच्या गोवा कला महाविद्यालयात प्रवेशासाठी अभियोग्यता चाचणी (अ‍ॅप्टिट्यूड टेस्ट) असते आणि ती ठरलेल्या वेळेतच संपवावी लागते. त्याचा खरा कच्चेपणा इथं आहे. आठवड्यातून दोनदा तांब्या, नारळ आणि चुण्या पडलेलं कापड मांडून १ तासाचा गजर लावा. पहिली १० मिनिटं कागदावर नुसती मांडणी. गजर झाला की पेन्सिल खाली, चित्र अर्धं असलं तरी.

वेडाशिवाय कला नाही, असं कुणी त्याच्या डोक्यात भरवलं असेल तर ते काढा. गोव्याची मुळं असलेले चित्रकार वासुदेव गायतोंडे वर्षाला मोजकीच चित्रं करत, पण ती दीर्घ विचारातून.

आता काळजीचं. सलग ४ दिवस दोन-तीन तास झोपूनही थकवा नाही, बोलणं सुसाट, किंवा २ आठवडे चित्रातही मन नाही, असं दिसलं तर बांबोळीच्या मानसोपचार संस्थेत घेऊन जा. मरणाची भाषा आली तर त्याच दिवशी. टेलि-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ हा क्रमांक मोफत आणि चोवीस तास चालू असतो. आधी तुम्ही स्वतः फोन केलात तरी चालेल.