‘द सेव्हन-पॉइंटेड स्टार’ हा ग्रंथ पूर्ण वाचायला मिळतो का?

नाही, जॉर्ज आर. आर. मार्टिन यांच्या ‘अ साँग ऑफ आइस अँड फायर’ या कादंबरीमालेतल्या वेस्टेरोस नावाच्या काल्पनिक खंडातल्या सप्तदेव पंथाचा हा धर्मग्रंथ सलग असा कुठेच छापलेला नाही. कादंबऱ्यांमध्ये विखुरलेली अवतरणं आणि उल्लेख तेवढे आहेत. ते मी मूळ पुस्तकांत वाचले आहेत. सर्वात भरीव उतारा ‘अ डान्स विथ ड्रॅगन्स’ (2011) मध्ये टिरियन या पात्राच्या प्रकरणात येतो (पिता, कुमारी, वृद्धा, लोहार ही पंथातल्या देवाची रूपं): पिता आकाशातून सात तारे काढून ह्यूगर या दंतकथेतल्या राजाच्या कपाळी मुकुट म्हणून बसवतो, कुमारी त्याला वधू आणून देते, वृद्धा त्याला 44 पुत्र होतील असं भाकीत करते आणि लोहार त्या प्रत्येकासाठी चिलखत घडवतो. माझ्या मते मात्र ग्रंथाचं खरं स्थान कळतं ते ‘अ फीस्ट फॉर क्रोज’ (2005) मधल्या मेरिबाल्डमुळे. गावोगाव अनवाणी फिरणारा हा पुरोहित निरक्षर आहे, पण ग्रंथातले लांबच लांब उतारे त्याला मुखोद्गत आहेत आणि खेड्यांना तेवढं पुरतं. आपल्याकडे पाठांतरावर टिकलेली कीर्तन-भजनाची परंपरा पाहिलेल्या वाचकाला हे पटकन समजेल.

एक लक्षात ठेवा: या कादंबऱ्यांवर आधारलेल्या ‘गेम ऑफ थ्रोन्स’ या टीव्ही मालिकेतही या ग्रंथातली म्हणून काही वचनं येतात. ती कादंबऱ्यांतली समजून उद्धृत करू नका. पंथाची घडण समजून घ्यायची असेल तर मध्ययुगीन कॅथलिक चर्चबद्दल वाचा. मार्टिन यांनी स्वतःच तो आधार सांगितला आहे. एकाच देवाची सात रूपं ही कल्पना ख्रिस्ती त्रैक्यावरून (पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा मिळून एकच देव) आली आहे.