वाचकांचे प्रश्न : गोचीड गाईवर कमी, गोठ्यात जास्त

प्रश्न : चार संकरित गाई आणि दोन म्हशी आहेत. महिन्यात तीनदा ॲमिट्राझ मारलं. पाठीवरच्या एका पंपात सगळी जनावरं उरकतात. दोन दिवस गोचीड कमी दिसते, आठवड्याभरात पुन्हा तेवढीच. औषध बनावट असेल का?
— दूध उत्पादक, सांगोला

उत्तर : बाटलीवर संशय घेण्याआधी पंपाचा हिशेब करू. तुमचा पंप 16 लिटरचा धरला तर सहा जनावरांत प्रत्येकी पावणेतीन लिटरही पाणी येत नाही. मोठ्या जनावराला चार-पाच लिटर लागतं; केस मुळापर्यंत भिजून पोटाखालून पाणी निथळलं पाहिजे. म्हणजे तुम्हाला एक नव्हे, दोन पंप लागतात. 12.5 टक्क्यांचं ॲमिट्राझ लिटरला 2 मिलि, म्हणजे 16 लिटरला 32 मिलि. झाकणाने मोजू नका, प्रत्येक बाटलीचं झाकण वेगळं असतं. सुई काढलेली सिरिंज वापरा. कालवलेलं पाणी त्याच दिवशी संपवा, उरलेलं दुसऱ्या दिवशी निकामी होतं असंच समजा.

दुसरी चूक फवारण्याच्या जागेची. पाठ आणि बरगड्या भिजवायला सोप्या, पण गोचीड तिथे कमीच असते. ती बसते कानाच्या आत, गळ्याखाली लोंबणाऱ्या पोळीच्या घडीत, पुढच्या पायांच्या बगलेत, कास आणि जांघेच्या मधे, शेपटीच्या मुळाखाली. कानात पंपाचा फवारा मारू नका. त्याच पाण्यात बोळा भिजवून पिळा आणि कान आतून पुसून घ्या. फवारणीआधी जनावराला पोटभर पाणी पाजा, म्हणजे ते अंग चाटणार नाही. ऊन उतरल्यावर फवारा, जखमा टाळा, तोंडाला मुसकं बांधा. घोडा असेल तर त्याला ॲमिट्राझ लावूच नका, पोटशूळ होऊन दगावू शकतो.

आता मूळ मुद्दा. गाईंवर सर्वांत जास्त सापडणारी निळसर-राखाडी गोचीड पिल्लू म्हणून गाईवर चढते आणि साधारण तीन आठवड्यांत तिथेच वयात येते. रक्त पिऊन वालाएवढी फुगलेली मादी खाली पडते, भेगेत शिरते, दोन-तीन हजार अंडी घालते आणि मरते. तुम्ही मारलेली फवारणी अंगावरच्या गोचिडीला लागली. भेगेतल्या अंड्यांना ती कळलीही नाही. आठवड्याने दिसली ती नवी तुकडी, परत आलेली जुनी नव्हे.

त्यामुळे तारखा ठरवून घ्या. दर 14-15 दिवसांनी, निदान चार वेळा, सगळ्या जनावरांना एकाच दिवशी. एकही मादी तीन आठवडे पुऱ्या करून खाली पडता कामा नये, एवढंच गणित आहे. एखादी शेळी किंवा भाकड गाय वगळली की तिच्यावर सगळा वंश टिकतो. त्याच दिवशी जनावरं बाहेर काढून गव्हाणीचा खालचा भाग, दावणीचे खुंटे आणि भिंतीला माणसाच्या उंचीपर्यंत फवारा. गोठ्यासाठीचं प्रमाण बाटलीवर वेगळं छापलेलं असतं. अंगाचं प्रमाण गोठ्यात पुरत नाही आणि गोठ्याचं अंगावर मारलं तर विषबाधा होते. भेगा सिमेंटने बुजवा, मग चुना लावा. भेगा उघड्या ठेवून लावलेला चुना फक्त दिसायला चांगला. दगडी भिंतीत फ्लेम गन उत्तम चालते, पण वर पाचटाचं छप्पर असेल तर तिचं नावही काढू नका.

एवढं करूनही गोचीड मेली नाही तर गट बदला, नुसती कंपनी नको. सायपरमेथ्रिन, डेल्टामेथ्रिन, फ्लुमेथ्रिन ही एकाच घराण्यातली. एकाला सरावलेली गोचीड बहुधा दुसऱ्यालाही दाद देत नाही. ॲमिट्राझ वेगळ्या घराण्यातलं. आयव्हरमेक्टिनचं इंजेक्शन दुभत्या गाईला देऊ नये, औषध दुधात उतरतं. कपाशीवर मारायचं कीटकनाशक गाईवर मारणारे अजूनही भेटतात, म्हणून तेही सांगतो : नको.

प्रश्न : एचएफ (होल्स्टीन फ्रिझियन) गाईला 106 ताप, खांद्यापुढे लिंबाएवढी गाठ, डोळ्यांतून पाणी. लालमुताचं पिवळं इंजेक्शन दिलं, उतार नाही. गोचीड ताप एकच असतो ना?
— पशुपालक, राहुरी

उत्तर : एक नसतो. ‘गोचीड ताप’ या एकाच नावाखाली आपल्याकडे निदान तीन आजार खपतात आणि तिघांची औषधं वेगळी आहेत.

खांद्यापुढची गाठ आणि उतरत नसलेला ताप ही थायलेरियाची खूण. तो तपकिरी, पट्टेदार पायांच्या हायलोमा गोचिडीतून येतो आणि देशी जनावरांपेक्षा संकरितांना जास्त भोवतो. यावर बुपार्वाक्वोन. मात्रा किलोला 2.5 मिलिग्रॅम, म्हणजे 5 टक्क्यांचं औषध 20 किलोला 1 मिलि. 300 किलोच्या गाईला 15 मिलि होतात; ते मानेच्या स्नायूत दोन जागी विभागून देतात. तुम्ही दिलेलं पिवळं इंजेक्शन डिमिनाझिनचं असणार. ते बबेसियावर, म्हणजे लालमुतावर चालतं, थायलेरियावर नाही, आणि या गाईचे मधले दिवस त्यात वाया गेले. डोळ्यांची आतली कड पांढरीफट्ट पडली असेल तर रक्त चढवावं लागू शकतं. आजच डॉक्टर बोलवा.

बबेसियात ताप आणि कॉफीसारखी लघवी. तिसरा ॲनाप्लाझ्मा : ताप, बद्धकोष्ठ, डोळे-कास पिवळट, पण लघवी लाल नाही. त्याला ऑक्सिटेट्रासायक्लिन. नक्की कोणता ते रक्ताची काचपट्टीच सांगते. कानाच्या टोकाला टोचून येणारा पहिला थेंब घ्यायचा, दोन काचपट्ट्यांवर पातळ पसरायचा आणि हवेत वाळवायचा. हे औषध देण्याआधी करायचं. नंतरच्या काचेत जंतू सापडेलच असं नाही.

बबेसिया मादी गोचिडीच्या अंड्यांतून पुढच्या पिढीत जातो, म्हणून नुकतं अंड्यातून निघालेलं पिल्लूही तो घेऊन येतं. थायलेरिया अंड्यांतून जात नाही. लहानपणी बाधित गाईचं रक्त प्यायलेली हायलोमा कात टाकून मोठी झाली, की पुढच्या गाईला तो देते, तोही चिकटल्यावर दोन-तीन दिवसांनी. म्हणजे रोज संध्याकाळी धार काढताना कान आणि कास चाचपून काढलेली गोचीड खरोखर आजार टाळते. बरी झालेली गाय मात्र पुढे वाहक राहते. नवी गाय बाजारातून आणली तर गोठ्यात घेण्याआधी तिची गोचीड संपवा. संकरित कालवडींना तीन महिन्यांनंतर थायलेरियाची लस मिळते, पण ती द्रव नायट्रोजनमध्ये साठवावी लागते, त्यामुळे दवाखान्यात आधी विचारून ठेवा.

प्रश्न : म्हैस व्यायला वीस दिवस झाले. लघवी लाल, ताप नाही, अंगावर गोचीड नाही.
— वाचक, पंढरपूर

उत्तर : ताप नसेल तर गोचिडीचा विचार सोडून द्या. नुकत्याच व्यायलेल्या म्हशीत हे बहुधा फॉस्फरसच्या कमतरतेने होतं आणि उपचार शिरेतून फॉस्फरस देण्याचा. लघवी काचेच्या पेल्यात अर्धा तास ठेवून पाहा. लाल भाग तळाला बसून वर स्वच्छ पाणी दिसलं तर ते मूत्रमार्गातलं रक्त. सगळी लघवी तशीच लालसर राहिली तर रक्तपेशी अंगातच फुटताहेत. डॉक्टरांना ही माहिती फोनवरच द्या.

प्रश्न : फ्लॅटमध्ये लॅब्रेडोर आहे. टिक फीव्हर झाला, डॉक्सिसायक्लिनने आठ दिवसांत हुंदडायला लागला म्हणून गोळ्या थांबवल्या. आता नाकातून रक्त. गोचीड चक्क भिंतीवर चढताना दिसते.
— वाचक, ठाणे

उत्तर : एर्लिकियाला, म्हणजे कुत्र्याच्या या टिक फीव्हरला, डॉक्सिसायक्लिन 28 दिवस द्यावं लागतं, दिवसाला किलोमागे 10 मिलिग्रॅम, खाण्यासोबत. कुत्रा चौथ्या-पाचव्या दिवशीच टवटवीत होतो आणि फसगत तिथेच होते. नाकातून रक्त म्हणजे प्लेटलेट उतरल्याची शक्यता. आजच रक्त तपासा.

कुत्र्याची गोचीड वेगळ्या जातीची आणि घरात राहायला सरावलेली. प्रत्येक अवस्थेत रक्त पिऊन ती खाली उतरते, स्कर्टिंगच्या फटीत, स्विचबोर्डमागे, पडद्याच्या पेल्मेटमध्ये कात टाकते आणि पुन्हा कुत्रा शोधते. तुम्हाला भिंतीवर दिसते ती त्यांची ये-जा. तीन महिने टिकणारी फ्लुरालानरची गोळी उपयोगी, पण गोचीड चावल्यावरच मरते. अंगावर मेलेली सापडली तर गोळी लागू पडली असं समजा. फटींमध्ये व्हॅक्यूम फिरवा, पिशवी बाहेर नेऊन टाका, हे निदान तीन-चार महिने. घरात मांजर असेल तर कुत्र्याचं परमेथ्रिनचं औषध तिच्या आसपासही नको, मांजर त्याने मरतं.

प्रश्न : आमच्या काजूच्या बागेत माकड मरून पडलंय. माकडताप गुरांकडून येतो म्हणतात. गुरं विकायची का?
— बागायतदार, दोडामार्ग

उत्तर : गुरं विकू नका, पण माकडाला हातही लावू नका. प्राथमिक आरोग्य केंद्राला आणि वनखात्याला कळवा आणि तो भाग सोडा. मेलेल्या माकडाचं अंग थंड पडलं की गोचिडी उतरून आसपासच्या पातेऱ्यात, म्हणजे सुक्या पानांच्या थरात, पसरतात. आजाराचा खरा धोका त्या वर्तुळात असतो.

माकडतापाचा विषाणू 1957 मध्ये कर्नाटकात शिमोग्याच्या क्यासनूर जंगलात ओळखला गेला. 2015 मध्ये गोव्यात सत्तरीत आणि 2016 मध्ये तुमच्या तालुक्यात आला. गुरं त्याने आजारी पडत नाहीत. ती मोठ्या गोचिडीला रक्त पुरवतात आणि तिची संख्या वाढवतात. माणसाला चावते ती बहुतेक वेळा मधल्या अवस्थेतली, तिळाएवढी गोचीड. तिचा हंगाम डिसेंबर ते मे, म्हणजे नेमका तुमचा काजूचा.

बागेत जाताना फिकट रंगाचे कपडे घाला, त्यावर गोचीड दिसते. पँट मोज्यात खोचा. आरोग्य खात्याकडून मिळणारं, गोचिडीला दूर ठेवणारं डेपा तेल हातापायांना लावा. पातेऱ्यावर बसू नका, आणि गोठ्यात अंथरायला जंगलातला पातेरा आणणं या हंगामात बंद करा. घरी आल्यावर कपडे थेट गरम पाण्यात, आंघोळ साबणाने, मग गुडघ्यामागे, बगलेत, जांघेत, केसांच्या कडेला बघा.

चाव्यानंतर तीन ते आठ दिवसांत अचानक जोराचा ताप, डोकेदुखी, अंग मोडून येणं, डोळे लाल, अशी सुरुवात होते. अंगदुखीला ॲस्पिरिन, ब्रुफेन घेऊ नका, रक्तस्राव वाढतो, पॅरासिटामॉल चालतं. काहींना ताप उतरून दोन आठवड्यांनी मान आखडणं, थरथर अशी दुसरी फेरी येते, तेव्हा बरं वाटलं तरी लक्ष ठेवा. माणसापासून माणसाला हा ताप लागत नाही, म्हणून रुग्णाला वेगळं बसवू नका. जुनी लस कर्नाटकाने 2022 मध्ये थांबवली. तिच्या भरवशावर राहू नका.

प्रश्न : आजी गाईच्या गोचिडी नखाने उपटून दगडाने ठेचते. चालतं का? माणसाला चिकटली तर अगरबत्ती लावतात.
— विद्यार्थिनी, डहाणू

उत्तर : दोन्ही बंद करा. ठेचलेल्या गोचिडीचा रस हाताच्या चिरेतून किंवा डोळ्यातून अंगात जाऊ शकतो. गुजरातेत 2011 मध्ये आढळलेला क्रिमियन काँगो ताप याही वाटेने येतो. 2020 मध्ये तुमच्या पालघर जिल्ह्यात त्यासाठी सावधगिरीच्या सूचना निघाल्या होत्या. जनावरात त्याची लक्षणं दिसत नाहीत, तेव्हा ‘आमची गाय ठणठणीत आहे’ याला अर्थ नाही. आजींना रबरी हातमोजे द्या आणि शेजारी झाकणाची बाटली, तळाशी दोन बोटं रॉकेल किंवा स्पिरिट. नुसत्या पाण्यात गोचीड सहजी मरत नाही.

माणसाला चिकटलेली गोचीड बारीक टोकाच्या चिमट्याने कातडीला अगदी लागून, तोंडाजवळ धरा. फुगलेलं पोट धरू नका, ते दाबलं की आतलं सगळं जखमेत येतं. पीळ न देता सरळ वर, हळू ओढा. अगरबत्ती, रॉकेल, चुना लावला की तिची तडफड जखमेतच होते. जागा साबणाने धुवा, कॅलेंडरवर तारीख लिहा. दोन आठवड्यांत ताप आला किंवा तळहात-तळपायावर पुरळ उठलं तर ती तारीख डॉक्टरांना सांगा.

याच टपालात नागपूरहून एकीने तापासोबत काखेत आलेल्या काळ्या खपलीबद्दल विचारलंय. ती खपली बहुधा स्क्रब टायफसची. तो गोचिडीने नव्हे, गवतातल्या चिगर माइटच्या पिल्लाने होतो. खपली झाकून न ठेवता डॉक्टरांना आवर्जून दाखवा. काखेतली, जांघेतली खपली विचारल्याशिवाय कुणी पाहत नाही, आणि डॉक्सिसायक्लिन वेळेत सुरू झालं तर दोन दिवसांत ताप उतरतो.