शेवाळाची भावकी

प्रश्न : उन्हाळ्यात शेततळ्याचे पाणी हिरवेगार होते, ठिबकचे फिल्टर सारखे चोंदतात. ही वनस्पती आहे की जंतू? जनावरांना पाजावे का?
— शेतकरी, अंबड

काचेच्या ग्लासात पाणी घेऊन तासभर ठेवा. हाताला केसांसारखे लांब, बुळबुळीत धागे लागले तर ते बहुधा स्पायरोगायरा. ही वनस्पतींच्याच भावकीतली, फिल्टर चोंदवणारी पण निरुपद्रवी. तळाच्या गाळातून उपटून आलेले, चुन्याच्या पुटामुळे खरखरीत, चुरगळले की लसणासारखा वास येणारे असेल तर कारा. तीही त्याच घरची.

मात्र पाणी रंग कालवल्यासारखे दिसत असेल आणि ग्लासात वर हिरवी-निळसर साय जमत असेल, तर जपा. हे मायक्रोसिस्टिससारखे नील-हरित शैवाल असू शकते. याच्या पेशीत केंद्रक नाही, हरितलवक (उन्हात अन्न तयार करणारा पेशीचा हिरवा भाग) नाही. हा सरळसरळ जीवाणू आहे. पेशीतल्या वायूच्या सूक्ष्म पोकळ्यांमुळे तो वर तरंगतो. त्याच्या काही जातींचे विष यकृतावर जाते आणि पाणी उकळूनही ते नाहीसे होत नाही. असे पाणी जनावरांना दाखवूच नका. शेवाळ मारायला घाईने मोरचूद टाकला तर पेशी फुटून सगळे विष एकदम पाण्यात उतरते, हेही लक्षात असू द्या.

प्रश्न : एका पुस्तकात शैवाल वनस्पतिसृष्टीत आहे, दुसऱ्यात प्रोटिस्टामध्ये. खरे काय? परीक्षेत काय लिहू?
— अकरावीची विद्यार्थिनी, परभणी

परीक्षेत तुझे पाठ्यपुस्तक सांगते ते लिही, गुणांशी भांडण नको. आता खरे काय ते बघू.

सजीवांची वर्गवारी लावणाऱ्या लिनियसने १७५३ मध्ये फुले न येणाऱ्या सगळ्या वनस्पती एका वर्गात कोंबल्या, त्यात शैवाल गेले. हार्वे या आयरिश अभ्यासकाने १८३६ मध्ये शैवालाचे गट रंगावरून पाडले: हिरवे, तांबडे, तपकिरी. हेकेलने १८६६ मध्ये वनस्पती आणि प्राण्यांखेरीज प्रोटिस्टा ही साध्या जीवांची तिसरी सृष्टी काढली. व्हिटेकरने १९६९ मध्ये पाच सृष्टी मांडताना नील-हरित शैवाल मोनेरात (केंद्रक नसलेल्या जीवांत), बरेचसे एकपेशीय प्रोटिस्टात आणि मोठी शैवाले वनस्पतींत टाकली. तुझ्या दोन पुस्तकांतला गोंधळ इथूनच आला.

गंमत अशी की रंगाची जुनी वाटणी बरीचशी टिकली, कारण रंगामागे हरितलवकाचा इतिहास आहे. फार पूर्वी एका पेशीने नील-हरित जीवाणू गिळला, पण पचवला नाही. तोच पुढे हरितलवक झाला. लिन मार्ग्युलिसने १९६७ मध्ये हे ठासून मांडले, तेव्हा अनेकांनी नाके मुरडली होती. खुणा मात्र आजही आहेत. हिरव्या आणि तांबड्या शैवालाच्या हरितलवकाभोवती दोन आवरणे असतात. तपकिरी शैवाल आणि डायटम (काचेसारख्या कवचाचे सूक्ष्म शैवाल) यांत चार, कारण त्यांच्या पूर्वजांनी अख्खी तांबडी शैवाल पेशीच गिळली होती. युग्लीना या एकपेशीय जीवाने हिरवे शैवाल गिळले, तिथे तीन आवरणे. म्हणजे हिरवा रंग उसना! युग्लीनाचा जवळचा नातेवाईक कोण, तर गुरांना सर्रा रोग करणारा ट्रिपॅनोसोमा.

म्हणून आज शैवाल ही एक सृष्टी कुणी मानत नाही. हिरवी शैवाले वनस्पतींच्या घरची, तांबडी त्यांची चुलत, तपकिरी आणि डायटम अगदी वेगळ्या शाखेवर, आणि नील-हरित तर जीवाणूच.

प्रश्न : अद्रकीला सड लागली. कार्बेन्डाझिम या बुरशीनाशकाची आळवणी केली, गुण नाही. शैवालाचा याच्याशी संबंध असतो असे ऐकले, हे कसे?
— शेतकरी, कन्नड

ऐकले ते खोटे नाही. सड लावणाऱ्यांपैकी पिथियम दिसायला बुरशीसारखा, पण खऱ्या बुरशीत बसत नाही. तो तपकिरी शैवालाच्या शाखेवरचा आहे. द्राक्षावरचा डाऊनी (केवडा) रोग करणाराही तिथलाच. पिथियमच्या पेशीभित्तिकेत मुख्यतः सेल्युलोजसारखी द्रव्ये असतात, बुरशीसारखे कायटिन नव्हे. कार्बेन्डाझिम बुरशीच्या एका प्रथिनाला चिकटून तिची वाढ रोखते, पण पिथियमवर त्याची मात्रा चालत नाही. मेटॅलॅक्झिल हे औषध मात्र चालते. पण थांबा. सड फ्युजेरियम या खऱ्या बुरशीनेही येते, जीवाणूनेही येते. तेव्हा आजारी कंद घेऊन कृषी विज्ञान केंद्रात दाखवा आणि मगच औषधाला पैसे घाला. तोवर वाफ्यात पाणी साचू देऊ नका.

प्रश्न : काळ्या मसाल्यातले दगडफूल शेवाळच ना?
— गृहिणी, लातूर

अर्धवट. मुख्य देह बुरशीचा, आत हिरव्या शैवालाच्या पेशी अन्न तयार करतात. शास्त्रीय नाव मात्र बुरशीचे. मसाल्याला त्याने फरक पडत नाही.

प्रश्न : लोणारचे पाणी २०२० मध्ये गुलाबी झाले, ते कोणते शैवाल होते?
— निवृत्त शिक्षक, मंठा

पहिला संशय ड्युनॅलिएला या खारट पाण्यातल्या हिरव्या शैवालावर होता, कारण ते कधीकधी लालसर होते. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेच्या तपासणीत मात्र मीठप्रिय आर्किया नावाचे सूक्ष्मजीव सापडले. ते ना शैवाल, ना जीवाणू; १९७७ मध्ये कार्ल वूजने त्यांची शाखा वेगळी दाखवली. एरवी लोणार हिरवे दिसते ते स्पिरुलिना नावाने विकल्या जाणाऱ्या नील-हरित जीवाणूमुळे. स्पिरुलिनाच्या डबीवर शैवाल छापलेले असते, पण ते आपल्या मायक्रोसिस्टिसच्याच भावकीतले.