डबा मुलाकडे, हक्क कोणाकडे?

प्रश्न : पुरावरच्या माहितीपटासाठी एका दिवंगत कॅमेरामनच्या मुलाने मला १९६८ सालची १६ मि.मी.ची दोन रिळं दिली, ‘वापरायला हरकत नाही’ असं लिहूनही दिलं. एक रीळ १९६९ मध्ये लघुपट म्हणून दाखवलं गेलं, दुसरं कधीच नाही. आता परदेशातला एक महोत्सव हक्कांची कागदपत्रं मागतोय. हे पत्र चालेल?

उत्तर : नाही चालणार. मुलाच्या मनात खोट आहे असं मी म्हणत नाही, पण रीळ ही वस्तू वेगळी आणि त्यातल्या चित्रणाचा कॉपीराइट वेगळा. वडिलांच्या कपाटातला डबा मिळाला म्हणून हक्कही मिळाला असं होत नाही.

१९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार चित्रपटाचा कर्ता म्हणजे निर्माता. कॅमेरा कोणाच्या खांद्यावर होता याला महत्त्व नाही. म्हणून आधी डब्यावरची चिठ्ठी नीट वाचा. तिथे एखाद्या कंपनीचं नाव असेल, तर वडील बहुधा पगारावर किंवा रोजावर असतील आणि हक्क कंपनीचा. पदरचे पैसे घालून स्वतःच चित्रण केलं असेल, तर ते स्वतः निर्माते. मग मृत्युपत्र बघा. नसेल तर सगळ्या वारसांच्या सह्या घ्या. बहिणींच्याही, कारण नेमक्या त्याच राहून जातात.

मुदत ६० वर्षांची, प्रदर्शनानंतरच्या १ जानेवारीपासून मोजायची. म्हणजे पहिलं रीळ २०२९ अखेरपर्यंत संरक्षित आहे. दुसरं ‘इतकं जुनं, आता कोण विचारतो’ असं वाटेल, पण ते प्रसिद्धच झालेलं नसल्याने त्याची ६० वर्षं मोजायला सुरुवातच झालेली नाही. जास्त जपायचं ते यालाच. आणि ‘दहा सेकंदांपर्यंत चालतं’ असं कोणी सांगितलं तर ऐकू नका. कायद्यात असा सेकंदांचा हिशेब कुठेच नाही.

नव्या करारात मुदत आणि प्रदेश स्पष्ट लिहा. मुदत लिहिली नाही तर कायदा पाचच वर्षं धरतो, प्रदेश लिहिला नाही तर फक्त भारत. सध्याचं पत्र खऱ्या मालकाचं निघालं तरी परदेशी महोत्सवात अडेल ते इथेच. रिळात मागे गाणं वाजत असेल तर त्याची परवानगी वेगळी.

आधी त्या लघुपटाची श्रेयनामावली मिळवा, निर्मात्याचं नाव तिथे असेल. तोवर हे पत्र महोत्सवाला पाठवू नका.