‘बूबो’ म्हणजे फोड नव्हे

प्रश्न असा आहे: बायझंटाइन सम्राट जस्टिनियनच्या काळातल्या प्लेगवरचा मजकूर मराठीत आणताना ‘बूबो’ला, म्हणजे प्लेगमध्ये येणाऱ्या गाठीला, ‘फोड’ म्हटलं तर चालेल का?

नाही चालणार. फोड कातडीवर येतो, बूबो कातडीखाली. इ.स. ५४१ मध्ये इजिप्तच्या पेलुसियमला साथ उठली आणि ५४२ च्या वसंतात कॉन्स्टँटिनोपलला पोचली. तिथे ती पाहणाऱ्या इतिहासकार प्रोकोपियसने दोन्ही गोष्टी वेगवेगळ्या नोंदवल्या आहेत. मसुराएवढे काळे फोड अंगभर उठले की रोगी त्याच दिवशी जाई. गाठ मात्र चांगली वाढून पिकली, तर तो वाचे. खुद्द सम्राट जस्टिनियनलाही गाठ आली होती आणि तो जगला. दोन्हींना ‘फोड’ म्हणणारा भाषांतरकार सम्राटाला त्याच दिवशी मारून मोकळा होतो!

मूळ ग्रीक शब्द ‘बूबॉन’. अर्थ: जांघ. तिथल्या सुजेलाही तेच नाव पडलं. म्हणूनच प्रोकोपियसला सांगावं लागलं, की ही ‘बूबॉन’ शरीराच्या त्या नावाच्या भागातच नव्हे, काखेत, कानाजवळ आणि मांडीवरही येते. लॅटिनमध्ये ‘बूबो’ म्हणजे घुबडही, पण तो शब्द वेगळा. त्यावरून कुणी घुबडाचा अपशकुन शोधू नये.

आता मराठीत या. पायाला ठेच लागून जखम चिघळली की जांघेत गाठ येते, तिला आपण ‘अवधाण’ म्हणतो. प्लेगमध्ये वेगळं काय होतं? पिसू पायाला चावते, जंतू लसीकावाहिन्यांतून (लसीका हा शरीरातला द्रव वाहून नेणाऱ्या नळ्यांतून) वर चढतात आणि जांघेतली ग्रंथी सुजते. हाताला चावली तर काखेतली. म्हणजे दुखणं खाली नि गाठ वर, ही सगळी यंत्रणा या एका शब्दात आहे! माझा तर्क, निव्वळ तर्क: संस्कृत ‘अव + धा’, खाली ठेवणे, आत साठवणे; जखमेचं विष जिथे साठतं ते अवधाण. ‘अवधान’ म्हणजे लक्ष, त्याचीही घडण हीच.

परिभाषावाले इथे ‘लसीकाग्रंथिशोथ’ सुचवतील. खुशाल सुचवोत, रोग्याच्या तोंडी तो शब्द यायच्या आत साथ ओसरेल. ‘बद’ सुचवणाऱ्यांनी मात्र तो शब्द गुप्तरोगाच्या गाठीसाठी रूढ आहे हे विसरू नये. ‘अवधाण फार सौम्य वाटतं’ हा आक्षेप तेवढा मान्य. तेव्हा मजकुरात साधं ‘गाठ’ लिहा. १८९६ च्या मुंबईतल्या प्लेगपासून ‘गाठ आली’ एवढ्यानेच घरच्यांना सगळं कळत असे.