पुढची सम

मिरजेच्या एका मुलीचं पत्र आलंय. वय ३१, बँकेत नोकरी. गेली चार वर्षं ती एका काल्पनिक जगाची कथा लिहितेय. त्या जगात एक विद्वान आहे, गाण्याच्या जोरावर काळाला वळवणारा. त्याचं बालपण, त्याची विद्या, कोणत्या रागानं काय घडतं याचे नियम, अशा सहा वह्या भरल्यात. थोरली बहीण म्हणते, "हे सगळं पळपुटेपण आहे." मुलगी विचारते, "ताई, बहिणीला कसं समजावू?"

अगं, बहिणीचं राहू दे. तुझं पत्र मी दोनदा वाचलं आणि दोन्ही वेळा तिसऱ्या पानावरच्या एका कंसाशी अडले. तू लिहिलंयस, "(गुरुपौर्णिमेला माझी सम चुकली, मग गाण्याचा क्लास सुटला.)" बस, एवढंच. (वाचकांसाठी: सम म्हणजे तालाच्या आवर्तनाची, फेऱ्याची, पहिली मात्रा; गाणं तिथे परत येऊन मिळतं.) पुढच्याच ओळीत विद्वानाच्या अंगरख्याचा रंग सुरू.

ही गुरुपौर्णिमा कधीची, ते तू सांगितलं नाहीस. पण पहिली वही कधी सुरू झाली ते सांगितलंयस: चार वर्षांपूर्वी, श्रावणात. म्हणजे आषाढी पौर्णिमेनंतर फार तर दीड महिन्याच्या आत.

आता तुझा विद्वान बघ. तो मारवा, मावळतीचा राग, लावतो आणि सूर्य क्षितिजावर अडकून राहतो. ही कल्पना फार सुंदर आहे, मनापासून सांगते. मारव्यात पंचम (प) नाही, षड्जावरही (सा) मुक्काम करायचा नाही, कोमल रिषभ (रे) जिवाला टांगणी लावतो. दिवस मावळतोय पण मावळत नाही, असंच वाटतं ऐकताना. हे कान असलेल्या माणसालाच सुचतं. पण मग वाचलं की तो गाताना ठेकासुद्धा त्याच्यासाठी थांबतो. तबलजीचा हात हवेत राहतो, विद्वान सावकाश मुखडा, म्हणजे चिजेची सुरुवातीची ओळ, जुळवतो आणि मग सम येते. तिथे माझ्या पोटात तुटलं. तू जगातला सगळा काळ थांबवलास, तो त्या एका समेपायी.

आपल्याकडे प्रहर आठ, प्रत्येक तीन तासांचा. संगीतशास्त्रकार भातखंड्यांनी रागांच्या वेळांचा हिशेब मांडला, त्यात राग वेळेच्या मागून जातात. पहाटेचा भैरव पहाट आणत नाही, आलेल्या पहाटेत जाऊन बसतो. (दक्षिणेत तर वेळेचं हे बंधन आपल्याइतकं पाळतही नाहीत.) आणि ताल? विलंबित, संथ लयीतला, एकताल तुझ्या हाडात मुरलाय, तुला मी काय सांगू. बारा मात्रा, धिं-धिं-धागे-तिरकिट. मात्रा चार सेकंदांची धरली तर एक आवर्तन अठ्ठेचाळीस सेकंदांचं. त्या दिवशी तुझी सम गेली, खरं आहे. लोक बघत होते, कान तापले असतील, घसा कोरडा पडला असेल. पण पुढची सम अठ्ठेचाळीस सेकंदांवर होती. ती सोडून तू उठलीस आणि चार वर्षं गेली.

आणखी एक गोष्ट मला खटकली, खरं तर रागच आला. तुझ्या विद्वानाचे गुरू पहिल्या पानावरच वारतात. तुझे गुरुजी मात्र आहेत. तूच लिहिलंयस: ७८ वर्षांचे, अलीकडे कमी ऐकू येतं, तरी संध्याकाळची शिकवणी चालू आहे, आणि बँकेतून परतताना तू त्या बोळात स्कूटर हळू करतेस. दर वर्षी मिरजेच्या दर्ग्यात थोर गायक अब्दुल करीम खाँसाहेबांच्या स्मरणार्थ गाणं होतं, तिथे तू मागे उभी राहतेस, गुरुजी दिसले की निघून येतेस. जिवंत माणसाला कागदावर मारून टाकलंस, कारण मेलेला माणूस "का आली नाहीस?" असं विचारत नाही. त्यांनीही कधी निरोप धाडला नाही, हे तू तक्रारीच्या सुरात लिहिलंयस. शिष्य उठून गेला तर दाराशी यायचं ते शिष्यानं.

म्हणून सांगते ते कर. येत्या गुरुवारी बँक सुटली की घरी जाऊ नकोस. त्या बोळात स्कूटर लाव. वह्या नेऊ नकोस, मिठाई नको, माफीचं भाषण तर मुळीच नको. पाया पड आणि कोपऱ्यातला तानपुरा घे. तुझा हात सुटलाय, जवारी, म्हणजे तारांची गुंजन, बिघडली असेल तर घोडीवरचा दोरा सरकवताना बोटं थरथरतील, थरथरू देत. खर्जाची, सर्वांत खालच्या सुराची, तार बोलू लागली की तारा नीट मिळव. गुरुजींना कमी ऐकू येतंय, तेव्हा जवळ बस, त्यांच्या उजव्या गुडघ्याशी, पूर्वी बसायचीस तशी. ते काय म्हणतील ते मला माहीत नाही. रागावले तर ऐकून घे. मग तीच चीज, तोच विलंबित एकताल. सम पुन्हा चुकली तर थांबू नकोस, मात्रा मोजत राहा, बारा झाल्या की ये.

आणि शुक्रवारी पहिल्या वहीचं पहिलं पान नव्यानं लिही.